उलटे खेटे

जोतिबाचे खेटे असतात माघात. पाच रविवार कोल्हापूरची माणसं पहाटे निघतात, बरीचशी अनवाणी, आणि चालत वाडी रत्नागिरीचा डोंगर चढतात. दर्शन घेतात, गुलालानं लाल होऊन माघारी जातात. आमचे खेटे उलटे होते. आम्ही डोंगरावरून खाली कोल्हापुरात जायचो, राजारामपुरीत, एका जिन्यानं दुसऱ्या मजल्यावर, सीएंच्या ऑफिसात. वार ठरलेला नव्हता, महिना ठरलेला नव्हता, आणि पाचावर थांबायचं असतं हे तिथं कुणाच्या गावी नव्हतं. आम्ही सहा वर्षं घातले.

कारण आम्ही कंपनी काढली होती. प्रायव्हेट लिमिटेड.

देवळाकडं उतरणाऱ्या पायऱ्यांवर आमचं दुकान आहे. नारळ, खोबऱ्याच्या वाट्या, गुलाल, पेढे, हंगामात दवणा, आणि पोरांनी आईबापांना छळावं म्हणून पिपाण्या. आजोबांनी मांडलं, वडलांनी चालवलं. या दोघांनी मिळून आयुष्यात भरलेला सगळ्यात अवघड कागद म्हणजे रेशनकार्डाचा अर्ज. धंद्याचा परवाना म्हणजे समोरच्या दुकानदाराशी बरं असणं.

२०१७ साली भाचा पुण्याहून आला. तो तिथं आयटीत आहे, म्हणजे नेमकं काय करतो ते बहिणीलाही सांगता येत नाही. दुकानात बसून त्यानं एक पेढा खाल्ला, दवण्याची काडी हुंगली आणि म्हणाला, "मामा, याचा ब्रँड करायचा. दवणा, गुलाल, खोबरं, पेढे, एका खोक्यात. ऑनलाईन. ज्याला डोंगरावर येता येत नाही त्याच्या घरी जोतिबा."

"मग लाव की कुरिअर," मी म्हणालो.

"असं नाही. आधी कंपनी पाहिजे. लिमिटेड लायेबिलिटी. उद्या पेढ्यानं कुणाचं पोट बिघडलं आणि कोटीचा दावा लागला, तर कंपनीत जेवढं असेल तेवढंच जाईल. घरादाराला हात लागणार नाही."

आई नारळ सोलत होती. हात न थांबवता म्हणाली, "आपल्या पेढ्यानं पोट बिघडलं, तर आपण न्हाय तर कुणी बघायचं रं?"

भाच्यानं याला जुनी मानसिकता म्हटलं. पुढं एका बँकेच्या मॅनेजरानं हेच वाक्य इंग्रजीत सांगून त्यावर आमच्या सह्या घेतल्या, ते नंतर येईलच.

कंपनीला किमान दोन डायरेक्टर लागतात. एक मी, दुसरे आमचे दाजी. दाजी तेव्हा नुकतेच एसटीतून कंडक्टर म्हणून निवृत्त झाले होते. 'लिमिटेड' म्हटल्यावर त्यांनी विचारलं, "म्हणजे विनाथांबा का?" पण मराठीत त्याला 'संचालक' म्हणतात हे कळलं आणि गडी एकदम बदलला. कोल्हापूर जिल्ह्यात संचालक या शब्दाला वजन आहे. साखर कारखान्याचा, दूध संघाचा, जिल्हा बँकेचा संचालक म्हणजे लग्नात पुढच्या रांगेतली खुर्ची. दाजींनी दुसऱ्याच दिवशी पांढऱ्या कापडाचे दोन जोड शिवायला टाकले. हा कंपनीचा पहिला खर्च. तो हिशेबात कुठंही नाही.

कंपनी काढायला काय पडतं, याची उत्तरं आता वेगळी मिळतात. पूर्वी प्रायव्हेट कंपनीला किमान एक लाखाचं भांडवल लागायचं. २०१५ साली ती अट गेली. मार्च २०१९ पासून पंधरा लाखांपर्यंतच्या अधिकृत भांडवलावर नोंदणीची सरकारी फीही शून्य आहे. त्यामुळं हल्ली कुणीही सांगतो, कंपनी फुकटात निघते. दाजींना हे पुढं कळलं तेव्हा त्यांनी एका वाक्यात निकाल लावला: "तिकीट शून्य, पण सामानाचं आकारतात."

तसंच आहे. मुद्रांक शुल्क आहे, त्याचा दर राज्यागणिक वेगळा. पॅन-टॅन आहे. प्रत्येक डायरेक्टरची डिजिटल सही आहे, आणि हे सगळं ज्याला कळतं त्या माणसाची फी आहे. आमचे एकूण साडेअठरा हजार गेले. भाचा म्हणाला, स्वस्तात झालं. आई म्हणाली, एवढ्यात बारसं झालं असतं, जेवणासकट.

अधिकृत भांडवल आणि भरणा झालेलं भांडवल यातला फरक मला सीएंनी तीनदा समजावला. शेवटी मी तो असा लक्षात ठेवला: मंगल कार्यालयाला आपण किती पानं सांगितली ते अधिकृत, आणि प्रत्यक्षात किती जेवून उठली ते भरणा झालेलं. फी पहिल्यावर.

नावाचं वेगळंच त्रांगडं. आम्हाला वाटलं होतं, नाव काय, जोतिबाचं लावायचं. पण आधी नोंदलेल्या कुठल्याही कंपनीसारखं नाव चालत नाही, आणि महाराष्ट्रात देवाच्या नावानं धंदा काढणारे आम्ही पहिले नव्हतो. जोतिबा, केदारनाथ, यमाई, रत्नागिरी, चांगभलं, सगळं उलटंपालटं जोडून बघितलं. देवाची नावं संपल्यावर माणसाला कळतं की आपला धर्म किती तोकडा आहे. शेवटी चार शब्दांचं नाव मिळालं, त्यातले दोन 'प्रायव्हेट' आणि 'लिमिटेड'. उरलेले दोन इथं देत नाही.

मग नोंदणीकृत कार्यालयाचा पुरावा. लाईट बिल, दोन महिन्यांच्या आतलं, आणि ज्याच्या नावावर बिल त्याची ना-हरकत. दुकानाचं बिल आजोबांच्या नावावर. आजोबा १९९४ साली गेले. त्यांची कशालाच हरकत नसायची, पण तसं लेखी देण्याच्या अवस्थेत ते नव्हते. वारसाचे कागद, मीटरचं नाव बदलणं, यात दोन महिने गेले. आजोबांना मरून तेवीस वर्षं झाली होती. कागदोपत्री ते कंपनीमुळं गेले.

डिजिटल सही म्हणजे पेनड्राईव्हसारखी एक कांडी. ती संगणकाला टोचली की आपण सही केली असं होतं. आपण कुठंही असलो तरी चालतं, कांडी असली पाहिजे. दाजींनी ती जानवीजोडासारखी जपली. माझी एकदा गुलालाच्या पोत्यात पडली. झटकली, फुंकली, पण सीएंच्या संगणकानं ती घेतली नाही. नवी काढायला पैसे. आमच्या दुकानात गुलालानं नुकसान झालेली ही पहिली वस्तू.

कंपनी जन्मली तेव्हा तिला २१ अक्षरांचा नंबर मिळाला. मधे 'एमएच', मग साल, मग 'पीटीसी', असा लांबलचक. सीए म्हणाले, "अभिनंदन. आता ही कायद्यानं स्वतंत्र व्यक्ती आहे. तुम्ही गेलात तरी ती राहणार."

हे वाक्य मला ओळखीचं वाटलं. आम्ही अशाच एका व्यक्तीच्या पायऱ्यांवर तीन पिढ्या पोट भरतोय. आपल्याकडं देवही कायद्यानं व्यक्ती असतो. त्याच्या नावावर जमीन असते, तो कोर्टात उभा राहतो. १९२५ साली लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपुढं बंगालमधल्या मलिक घराण्याचं भांडण गेलं होतं, घरातला देव कुठं ठेवायचा यावरून. न्यायाधीशांनी म्हटलं की यात देवाच्या इच्छेचाही विचार झाला पाहिजे, आणि त्याची बाजू मांडायला निराळा माणूस नेमा. साता समुद्रापार बसलेल्या त्या साहेबांना जे कळलं ते आमच्या पुजाऱ्यांना आधीपासून माहीत आहे.

पण दोन्हींच्या खर्चाची तुलना केली आणि मी जरा गप्प झालो. इथलं आत्ताचं मुख्य देऊळ राणोजी शिंद्यांनी १७३० साली बांधलं. देवाला सकाळ-संध्याकाळ पूजा, रविवारी गर्दी, वर्षाला एक चैत्र यात्रा. यात्रेत गावोगावच्या सासनकाठ्या येतात, तीस-चाळीस फुटी, आणि कुणी कुणाच्या पुढं जायचं हे पिढ्यान् पिढ्या ठरलेलं: पहिला मान सातारा जिल्ह्यातल्या पाडळीचा, मग विह्याचा, मग पुढचे. कुणी खांदा द्यायचा, कुणी दोर धरायचा, कुणाकडं छत्री, हेही ठरलेलं. माणसं मरतात, काठी येत राहते. याला कायद्याच्या भाषेत अखंड उत्तराधिकार म्हणतात. त्यासाठी पाडळीकरांनी आजवर एकही फॉर्म भरलेला नाही. देव नवसाला पावतो; कंपनी पावती मागते.

आमच्या कंपनीचं पहिलं वर्ष नैवेद्यातच गेलं. नोंदणीपासून तीस दिवसांत पहिली सभा. तीस दिवसांत ऑडिटर. धंदा झालेला असो वा नसो, ऑडिट हवंच. मग वार्षिक सर्वसाधारण सभा. ती राष्ट्रीय सुट्टीच्या दिवशी घेता येत नाही आणि सकाळी नऊ ते संध्याकाळी सहा याच वेळात घ्यावी लागते. सभा झाल्यावर तीस दिवसांत जमाखर्चाचा एओसी-४, साठ दिवसांत वार्षिक विवरणाचा एमजीटी-७. डायरेक्टर तोच आहे, जिवंत आहे, फोन बदललेला नाही, हे सांगणारं केवायसी वेगळं. ते चुकलं तर पाच हजार. आयकर वेगळा. वर्षाला अठ्ठावीस हजार, ही सीएंची घरची किंमत. दाजी त्यांच्या भावाबरोबर एसटीत होते म्हणून.

पहिल्याच वर्षी आम्ही ते दोन्ही फॉर्म चुकवले. चूक आमचीच. ऑक्टोबर-नोव्हेंबरात नवरात्र-दिवाळी, डोंगरावर मुंगीला जागा नसते. १२ डिसेंबरला सीएंकडं गेलो. एक फॉर्म ४३ दिवस उशिरा, दुसरा १३. फॉर्ममागं दिवसाला शंभर रुपये, त्याला कमाल मर्यादा नाही. एकूण ५,६०० रुपये. दाजींनी कंडक्टरच्या सवयीनं लगेच तोंडी पुढचा टप्पा काढला: वर्षभर विसरलो तर दोन फॉर्मचे ७३,००० रुपये. मग त्यांनी चष्मा काढून सीएंना विचारलं, "लिमिटेड म्हणजे नेमकं काय लिमिटेड आहे यात?"

"जबाबदारी."

"आणि दंड?"

सीए चहा सांगायला उठले.

मला वाटतं दाजींनी त्या दिवशी कंपनी कायद्याचं सार काढलं. कोल्हापुरात थाळीच्या हॉटेलांवर पाटी असते: तांबडा-पांढरा अनलिमिटेड, मटण लिमिटेड. कंपनीचं तसंच. जी वस्तू आपल्याला हवी असते ती मोजून वाढतात.

ही कल्पना आली कुठून, हे मी तिथल्या बाकड्यावर वाट बघत असताना वाचून काढलं. भारतात मर्यादित जबाबदारीचा कायदा झाला १८५७ साली. उत्तरेत कंपनी सरकारविरुद्ध आग लागली होती आणि कलकत्त्यात कंपनीचेच अधिकारी, भागधारकानं किती बुडायचं, याचा मसुदा वाचत होते. पुढच्या वर्षी ईस्ट इंडिया कंपनीचं राज्य गेलं. तेव्हा तिचं कर्ज आणि तिच्या भागधारकांचा लाभांश कुणाच्या माथी मारला? हिंदुस्थानच्या महसुलाच्या. म्हणजे आपल्याला पारतंत्र्यात घालणाऱ्या कंपनीचा डिव्हिडंड आपणच भरला. जबाबदारी मर्यादित असली की उरलेली हवेत विरत नाही, कुणाच्या तरी अंगावर पडते. आणि ती कंपनी रीतसर विसर्जित व्हायला १८७४ साल उजाडलं, हे वाचल्यावर मला आमच्याबद्दल थोडं बरं वाटलं.

तसं या मुलखाचं आणि त्या कंपनीचं नातं जुनं आहे. आमच्या डोंगराच्या कडेला उभं राहिलं की समोर पन्हाळा दिसतो. १६६० साली सिद्दी जौहरनं तिथं शिवाजी महाराजांना वेढलं होतं, आणि राजापूरच्या वखारीचा प्रमुख हेन्री रेव्हिंग्टन तोफगोळे घेऊन सिद्दीच्या मदतीला आला. किल्ल्यावर गोळे टाकले, तेही इंग्रजांचं निशाण फडकवत. पुढच्या वर्षी महाराजांनी राजापूरच गाठलं आणि साहेबांना कैदेत टाकलं. आता गंमत बघा. कैद्यांनी सुरतेला वरिष्ठांकडं गाऱ्हाणी लिहिली, सोडवा म्हणून. उत्तर आलं त्याचा आशय असा: तुम्ही कंपनीचा माल राखताना पकडले गेला नाहीत, पन्हाळ्याला जाऊन गोळे उडवलेत म्हणून आत आहात. म्हणजे नफा झाला असता तर कंपनीचा, आणि बेडी ज्याची त्याची. शेवटच्या कैद्याची सुटका व्हायला १६६३ उजाडलं. कायदा व्हायच्या दोनशे वर्षं आधी मर्यादित जबाबदारीचा पहिला प्रयोग आमच्या दुकानाच्या मागच्या खिडकीतून दिसणाऱ्या डोंगरावर झाला, हे मी भाच्याला सांगितलं. तो म्हणाला, "मामा, वेबसाईटचं रिन्यूअल आलंय."

मराठी माणसाला कंपनी जमतच नाही, असं मात्र मी म्हणणार नाही. जी यमाई आमच्या डोंगरावर आहे तिचं मूळ ठाणं औंध, आणि त्याच औंध संस्थानात किर्लोस्करवाडी. किर्लोस्कर ब्रदर्स १९२० सालीच लिमिटेड झाली. उलट आमच्या कोल्हापुरात १ जून १९२९ ला निघालेली प्रभात फिल्म कंपनी नुसती नावाचीच कंपनी. मुळात पाच जणांची भागीदारी. तिच्यावर लिमिटेड लिहिलेलं नव्हतं म्हणून तिच्या बोधचिन्हातली तुतारी कमी वाजली असं काही झालं नाही. आणि घरच्या घरी कंपनी काढणारे काही आम्हीच नव्हे. लंडनमध्ये सालोमन नावाचा एक बूटवाला होता, त्यानं आपल्या धंद्याची कंपनी केली. भागधारक कोण? तो, बायको आणि पाच पोरं. २०,००७ पैकी २०,००१ शेअर त्याचे. कंपनी बुडाली, देणेकरी म्हणाले की हा आणि कंपनी एकच आहेत. १८९६ साली तिथल्या सर्वोच्च न्यायपीठानं सांगितलं, नाही, वेगळे आहेत. तेव्हापासून जगभरचे वकील या बूटवाल्याचं नाव घेतात. तो कोल्हापुरात जन्मला असता तर चपला केल्या असत्या आणि भाऊबंदकीतच निकाल लागला असता.

वेगळे आहेत, हेच आमच्या घरात कुणाला पटेना. दुकानाचा गल्ला आता कंपनीचा होता. आई रोज सकाळी त्यातून दहा रुपये चहाला घ्यायची. सीए म्हणाले, असं चालणार नाही. दाजींनी एका रविवारी पेट्रोलला पाचशे घेतले. वर्षअखेरीस ताळेबंदात 'संचालकाला दिलेले कर्ज' या सदराखाली दाजी निघाले. गडी आयुष्यभर एसटीच्या पैशाला पैसा लावून आलेला. तो कागद बघून त्यांचा चेहरा असा झाला, की जणू चेकिंगवाल्यानं भर बसमध्ये बॅग उघडायला लावली. तीन आठवडे डोंगर चढले नाहीत. आणि सभेची गणपूर्ती दोन. म्हणजे दाजी रुसले की बोर्ड संपलं.

छोट्या कंपनीला वर्षात दोन बोर्ड मीटिंग पुरतात, मधे किमान नव्वद दिवस हवेत आणि नोटीस सात दिवस आधी. दाजी तसे दर रविवारी दुकानात येतात, पण ती भेट. मीटिंगसाठी मी त्यांना लेखी कळवायचं, 'आपणांस विनंती की', आणि सातव्या दिवशी ते त्याच बाकड्यावर बसून 'अध्यक्षांच्या परवानगीनं' म्हणायचे. अध्यक्ष तेच. कंपनी कायद्यात डायरेक्टरला काढायची रीतसर सोय आहे. ठराव करायचा, त्याला बाजू मांडू द्यायची, मग काढायचा. पण शेअर निम्मे-निम्मे, आणि दाजी म्हणजे बहिणीचा नवरा. आमच्या दुकानात दिवसाला दोनशे नारळ खपतात. त्यातला एक दाजींना द्यायची माझी छाती नाही.

२०१९ च्या फेब्रुवारीत सरकारनं आयएनसी-२२ए नावाचा फॉर्म काढला. बोगस कंपन्या फार झाल्या होत्या. २०१७ साली दोन लाखांहून जास्त कंपन्यांची नावं नोंदवहीतून खोडली गेली होती. आता उरलेल्यांनी आपण खरोखर आहोत हे दाखवायचं. कार्यालयाचे अक्षांश-रेखांश, इमारतीचा बाहेरून फोटो आणि आतून फोटो, ज्यात सही करणारा डायरेक्टर दिसला पाहिजे. शेवटची तारीख २५ एप्रिल. उशीर झाला तर दहा हजार.

ज्यानं ही तारीख ठरवली त्याच्याकडं जोतिबाचं कॅलेंडर नव्हतं. त्या वर्षी चैत्र पौर्णिमा १९ एप्रिलला होती. २३ ला कोल्हापुरात लोकसभेचं मतदान. मधल्या दिवसांत डोंगरावर पाय ठेवायला जागा नाही, आणि फोटो काढायचं आम्हाला सुचलं ते नेमकं पौर्णिमेच्या दुपारी, कारण भाचा तेव्हाच पुण्याहून आला होता.

बाहेरचा फोटो: गुलाबी. पायऱ्या, छपरं, माणसं, कुत्री, सगळं एका रंगाचं, आणि बरोबर मधोमध एक सासनकाठी आडवी. इमारत अशी दिसतच नव्हती. आतला फोटो: गुलाबी अंधार, त्यात दाजींचे दात. दाजी पांढऱ्या कपड्यांत आले होते, पण पायऱ्या उतरेपर्यंत ते राहिले नाहीत. भाचा ओरडत होता, "डायरेक्टर ओळखू आला पाहिजे!" मागं आई ओरडत होती, "आरं त्या बाईला नारळ दे आधी!" अक्षांश-रेखांश मोबाईलनं दिले ते सीएंनी नकाशावर टाकून बघितले, तर कंपनी यमाईच्या देवळाच्या बाजूला निघाली. सीए म्हणाले, सरकारला असा फोटो पाठवला तर कंपनी खरी आहे हे पटेल, पण ती काय करते याबद्दल शंका येईल.

यात्रेचा शीण उतरवून २५ तारखेला पुन्हा फोटो काढला, दाजींना आंघोळ घालून. त्याच दिवशी मुदत १५ जूनपर्यंत वाढवल्याचं जाहीर झालं.

धंद्याबद्दल सांगायचं राहिलं, कारण सांगण्यासारखं थोडं आहे. खोकी जायची. दवणा कुरिअरात तीन दिवस राहिला की त्याचं गवत होतं. गुलालाची पुडी फुटली की पेढे बरबाद. भाचा म्हणाला, पॅकिंगचं मशीन घेऊ. त्यासाठी कर्ज. मी मॅनेजरांपुढं २१ अक्षरी नंबर छापलेलं लेटरहेड ठेवलं. त्यांनी ते आदरानं बाजूला सारलं आणि एक फॉर्म पुढं केला: दोन्ही डायरेक्टरांची वैयक्तिक हमी. कंपनीनं फेडलं नाही तर तुम्ही फेडायचं, घरादारासकट.

"पण कंपनी लिमिटेड आहे," मी म्हणालो.

"म्हणूनच," ते म्हणाले.

घरी आईला सांगितलं. तिला त्यात नवीन काही वाटलं नाही. नारळाच्या व्यापाऱ्यानंही कधी कंपनीला उधारी दिली नव्हती. तो अजूनही वहीत वडलांचं नाव लिहितो. दोन वर्षांनी सीएंनी सहज सांगितलं की तुमच्या एवढ्या धंद्याला एलएलपी पुरली असती. २००८ चा कायदा, चाळीस लाखांच्या आत उलाढाल असली तर ऑडिटचीही सक्ती नाही. मी विचारलं, हे आधी का नाही सांगितलं? म्हणाले, "तुमचा भाचा ठरवूनच आला होता." आणि हे खरं होतं.

मग २०२० आलं. मार्चात देऊळ बंद झालं ते उघडलं १६ नोव्हेंबरला. चैत्र यात्रा झाली नाही, पुढच्या वर्षीही झाली नाही. रिकाम्या पायऱ्यांवर बसून मी प्रथमच लांबून पुजाऱ्यांची घंटा ऐकली. दुकानाची विक्री शून्य. पण शून्यालाही ऑडिट लागतं. ऑडिटरनं ते शून्य तपासलं, ते खरं व वाजवी आहे असा दाखला दिला आणि त्याची फी घेतली. सरकारनं त्या वर्षी उशिराचा दंड माफ करणारी योजना काढली, ती मात्र आम्हाला पावली. मागचा एक फॉर्म तिच्यात खपवला.

पुढची दोन वर्षं कंपनीनं काहीच केलं नाही आणि प्रत्येक वर्षी ते काहीच न केल्याचं विवरण वेळेवर भरलं. दाजींनी जुन्या वेबिलाच्या मागं सहा वर्षांचा हिशेब मांडला. पावणेदोन लाखांच्या वर गेला होता, मशीनचं कर्ज सोडून, जे हमीप्रमाणं आम्ही दोघांनी फेडलं. मुक्कामाचं ठिकाण आलं असं त्यांनी जाहीर केलं. मी अनुमोदन दिलं. ठराव एकमतानं मंजूर, चहा दोन.

कंपनी बंद करायला दहा हजार लागतात. आधी सगळी राहिलेली विवरणं भरायची, बँकेचं खातं बंद करायचं, तीस दिवसांच्या आतला जमाखर्च सीएंकडून प्रमाणित करून घ्यायचा, प्रतिज्ञापत्र करायचं. अर्ज जातो हरयाणात मानेसरला. तिथं यासाठी वेगळं केंद्रच केलंय. आणि त्यात एक क्षतिपूर्ती बंधपत्र असतं, स्टँपपेपरवर. नोटरीपुढं मी ते मोठ्यानं वाचलं, दाजींना चष्म्यानंही अक्षर लागत नव्हतं म्हणून. नाव खोडल्यानंतर कंपनीचं काही देणं निघालं, तर ते आम्ही डायरेक्टर वैयक्तिकरीत्या भरू.

दाजींनी पुन्हा वाचायला सांगितलं. मी पुन्हा वाचलं.

"म्हणजे हे जे सोळा-सतरा जिने चढलो..."

"सही इथं," नोटरी म्हणाला.

एप्रिल २०२४ च्या पहिल्या आठवड्यात कळलं, नाव खोडलं गेलं. सीएंनी शेवटची सूचना केली: दुकानावरची पाटी आधी बदला. कंपनी नसताना नावापुढं 'लिमिटेड' लावलं तर दिवसाला पाचशेपासून दोन हजारांपर्यंत दंड आहे. कायद्यानं पाटी स्थानिक भाषेतही लागते, म्हणून आम्ही मराठीत ठळक लिहून घेतली होती, ऑईलपेंटनं. रंगाऱ्याला बोलावलं. त्यानं 'प्रायव्हेट लिमिटेड' पुसायचे आठशे सांगितले.

"लिहायचे सहाशे घेतले होतेस!"

"लिवायचं लिवायचं हुतं. ह्ये खरवडून काढाय लागतंय."

दाजी म्हणाले, थांब. २३ तारखेला यात्रा होती. त्या दिवशी दुपारी पाडळीची काठी पायऱ्यांवरून गेली, मागून विह्याची, आणि चांगभलंच्या गजरात वरच्या गच्च्यांवरून गुलालाच्या पाट्याच्या पाट्या रित्या झाल्या. दाजींनी दुकानाच्या फळीवर उभं राहून दोन मुठी स्वतःच्या हातानं पाटीवर टाकल्या, जरा पाणी शिंपडून. संध्याकाळी पालखी यमाईकडं निघाली तेव्हा पाटीवर एक अक्षर लागत नव्हतं.

रंगाऱ्याचे आठशे वाचले. ते हिशेबात कुठं दाखवायचे, हे सीएंना विचारायचं राहिलंय.